बारा जणींची सही

"ही सही माझी नाही," शिट्टी तिसऱ्यांदा म्हणाली आणि कंपनीच्या वकिलाने तिसऱ्यांदा समजूतदारपणे मान हलवली. पोराने खाऊ खाल्ला नाही म्हणून सांगावं आणि त्याच्या तोंडाला लागलेलं बघत मोठ्यांनी हलवावी, तशी.

मागच्या बाकावर बसलेल्या शिट्टीच्या जोडीदारणीला, सहीबाईला, त्या मानेचा इतका राग आला की तिने पुढच्या बाकाची कड घट्ट धरून ठेवली. खोलीत पंखा होता, पण तो न्यायाधीशांच्या डोक्यावर फिरत होता. बाकीच्यांना तो नुसता बघायला मिळत होता.

"आम्ही बाईंना खोटं म्हणत नाही, साहेब," वकील म्हणाला. "इतक्या मोठ्या अपघातानंतर माणसाला आधीचं सगळं आठवतंच असं नाही."

म्हणजे खोटंच म्हणत होता, फक्त मऊ कापडात गुंडाळून.

दोघी एकवीस वर्षं एकाच लाँड्रीत होत्या. गावातल्या सगळ्या दवाखान्यांच्या चादरी तिथे धुवायला यायच्या. धुतलेली ओली चादर गरम रुळांत सारायची, पलीकडून ती वाळून इस्त्री होऊन बाहेर यायची. एका पाळीला बारा बायका. चौघी चादरी झटकायच्या, चौघी रुळात सारायच्या, चौघी मागच्या बाजूला घड्या घालायच्या. रुळापुढे एक जाळी होती, हात आत जाऊ नये म्हणून. जाळीमुळे काम हळू होतं, असं कोणा उंटावरच्या शहाण्याने ठरवलं आणि ती काढून भिंतीला टेकवून ठेवली. मशीन थांबवायची दोरी त्याआधीच तुटलेली होती. थांबवायचं बटण मागे, घडीवाल्यांकडे. मग पुढे काही अडलं तर सारणाऱ्यांतली एक बाई उजव्या हाताची दोन बोटं तोंडात घालून अशी शिट्टी मारायची की रुळांच्या घरघरीतही मागे ऐकू जावी, आणि मागे उभी असलेली सहीबाई बटण दाबायची. तिचं नाव शिट्टी पडलं ते तिथून. वर्षानुवर्षं बारा जणींचे हात तिच्या दोन बोटांवर सुखरूप होते.

आठ महिन्यांपूर्वी एका सकाळी चादर अर्धीच बाहेर आली. शिट्टी काही आली नाही, कारण शिट्टी मारायची बोटंच रुळात होती.

उजव्या हाताला आता अंगठा आणि करंगळी उरली होती. कंपनीने अहवालात लिहिलं, कामगाराचा निष्काळजीपणा. शिट्टी कोर्टात आली ती त्या दोन शब्दांसाठी. जाळी कोणी काढली, कधी काढली, हे तिला चारचौघांत, उघड्या दाराच्या खोलीत सांगायचं होतं. आणि कंपनीने पहिल्याच तारखेला एक कागद पुढे केला. कामावरून कसलाही वाद झाला तर मी कोर्टात जाणार नाही, कंपनी नेमेल त्या लवादापुढे जाईन, त्याचा निकाल मला मान्य राहील. लवाद म्हणजे कोर्टाबाहेरचा पंच. बंद दाराआड ऐकणार, बंद दाराआड ठरवणार. खाली शिट्टीची सही.

शिट्टी म्हणत होती, असा कागद मी जन्मात पाहिला नाही. त्यावरही कंपनीच्या वकिलाकडे उत्तर होतं. करार झाला की नाही हा वादसुद्धा लवादानेच सोडवावा, कोर्टाने त्यात पडू नये. म्हणजे दाराला कुलूप आहे की नाही हे बघायला आधी दारातून आत जा. सहीबाईला वाटलं, एवढं शिकून माणसं हे बोलायला शिकतात!

न्यायाधीशांना सर्दी झाली होती. त्यांनी रुमालाने नाक पुसलं, पेन्सिलीने काही लिहिलं आणि करार आहे की नाही एवढं आधी मीच बघेन, असं सांगून पुढची तारीख दिली.

बाहेर व्हरांड्यात शिट्टीच्या वकीलबाईंनी कागदाची प्रत काढली. तरुण होत्या, पण चेहरा दमलेला. म्हणाल्या, सही तर अगदी तुमच्या सहीसारखीच दिसते. तुम्हाला नक्की आठवतंय ना? आता आपल्या माणसांनाही शंका यायला लागली, हे शिट्टीच्या तोंडावर दिसलं. तिने तो कागद सहीबाईपुढे धरला. "तू बघ गं. ही माझी सही आहे का?"

सहीबाईने बघितलं. सहीच्या शेवटी एक शेपटी होती, खाली ओढून झटक्यात सोडलेली. शिट्टी कधी शेपटी काढायची नाही. शेपटी सहीबाईची होती.

"चष्मा नाही आणला," ती म्हणाली.

चष्मा पर्समध्ये होता.

आता हे कसं झालं ते सांगायला हवं, नाहीतर सहीबाई म्हणजे कोणी लबाड बाई वाटेल. पाळी सुरू होताना सुपरवायझर कागदांचा गठ्ठा घेऊन यायचा. हातमोजे मिळाले, सही करा. साबण मिळाला, सही करा. आगीपासून बचावाची माहिती दिली (कोणी कधी दिली नव्हती), सही करा. पुढच्या आठ जणींचे हात ओले. ओल्या हाताने कागद धरला की शाई पसरायची आणि सुपरवायझर खेकसायचा. मागच्या चौघींचे हात कोरडे, त्यांत सहीबाईचं अक्षर सगळ्यांत बरं. मग कधीतरी तोच म्हणाला, तूच उरक सगळ्यांचं. पहिल्या दिवशी बायका हसल्या, दुसऱ्या दिवशी नाव पडलं, आणि महिन्याभरात तिला बारा जणींच्या सह्या इतक्या वळणदार यायला लागल्या की एकीला बँकेत स्वतःची सही जुळेना तेव्हा ती हिच्याकडे शिकायला आली होती. रूळ तापलेले असायचे, चादरींचा डोंगर असायचा. गठ्ठ्यात कोणता कागद आहे हे कोण वाचत बसतंय? सहीबाई नुसत्या तळाच्या रेघा बघायची आणि सही ठोकून पुढे जायची.

घरी येऊन तिने नवऱ्याला सांगितलं. तो रखवालदारीतून निवृत्त झालेला, गुडघ्यांनी जायबंदी, आणि सगळ्या गोष्टींत शहाणपणाचा सल्ला देणारा. त्याने आधी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाला की तुझी नोकरीची दोन वर्षं राहिलीत, घर तुझ्या पगारावर चाललंय, आणि दुसऱ्याच्या नावाने सही करणं हा गुन्हा आहे, तो तू आपल्या तोंडाने कबूल करणार. "आपल्याच पायावर धोंडा पाडून घ्यायला कोणी सांगितलंय? ती म्हणतेय ना सही तिची नाही. बघेल कोर्ट."

"अहो, पण कोणी विश्वास ठेवत नाही तिच्यावर."

"आणि तुझ्यावर ठेवतील?"

ती मूग गिळून गप्प बसली. तशी पाच आठवडे बसली. स्वयंपाक करताना भांडी आपटायची, फडकं पिळायची ते मान मुरगळल्यासारखं. राग कोणाचा ते तिलाच कळत नव्हतं. कंपनीचा होता, त्या मान हलवणाऱ्या वकिलाचा होता, आणि सगळ्यांत जास्त पर्समधल्या चष्म्याचा होता.

सहाव्या आठवड्यात सोमवारी सुपरवायझर नेहमीसारखा गठ्ठा घेऊन आला. सहीबाईने पेन घेतलं. वरच हातमोज्यांची यादी होती, छापील. पहिलं नाव, एक जोडी. दुसरं नाव, एक जोडी. पाचवं नाव शिट्टीचं. एक जोडी.

तिने ते पुन्हा वाचलं.

"ही तर कामावर नाही," ती म्हणाली.

"यादी वरून येते. आकडा जुळला पाहिजे. कर सही."

"तिला हात नाही."

"मग मोजे मी घालणार आहे का?" तो म्हणाला, आणि स्वतःच्या विनोदावर थोडा हसलादेखील. "उरक लवकर. रूळ तापलेत."

सहीबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. नऊ महिने होत आले, त्या बाईला बोटं नाहीत, आणि दर सोमवारी तिच्या नावाने उजव्या-डाव्या हातमोज्यांची जोडी निघते, आणि ती मिळाल्याची सही कोण करतंय? मी करतेय. अपघातानंतरही मीच करत आले असेन, एकदाही न वाचता! तिने डोळ्यांवर चष्मा चढवला आणि एकवीस वर्षांत पहिल्यांदा गठ्ठा वाचायला घेतला. मागे चादरी साठल्या. घडीवाल्या तिघी एकमेकींकडे बघायला लागल्या. सुपरवायझरने विचारलं, आज काय परीक्षा आहे का? ती वाचत राहिली. साबणाच्या यादीखाली, सहावा कागद, तोच होता. कोणताही वाद, कोर्टात जाणार नाही, कंपनी नेमेल तो लवाद. या वर्षीचा नवा. बारा प्रती. त्यातली एक शिट्टीच्या नावाची. ज्या बाईचा खटला कोर्टात चालू आहे तिच्याच नावाने, तिने कोर्टात जाऊ नये म्हणून, पुन्हा एकदा.

तिने गठ्ठा घडीच्या टेबलावर ठेवला आणि फक्त स्वतःच्या हातमोज्यांपुढे सही केली. तिचं स्वतःचं अक्षर तिला नीट आलं नाही.

त्याच दुपारी ती वकीलबाईंच्या खोलीत गेली. शिट्टी तिथे होतीच. सहीबाईने उभ्याउभ्याच सांगितलं. वकीलबाई आधी आनंदल्या, मग गंभीर झाल्या, मग लिहून घ्यायला लागल्या. सगळं संपल्यावर शिट्टीने एवढंच विचारलं, "त्या दिवशी चष्मा होता ना तुझ्याकडे?"

"होता."

शिट्टी उठून गेली. एकवीस वर्षांत ती पहिल्यांदा न सांगता गेली.

तारखेच्या दिवशी कोर्टात सुपरवायझर पुढच्या बाकावर, इस्त्रीचा शर्ट घालून बसला होता. कागदावर त्याचीही सही होती, साक्षीदार म्हणून. बाईंनी माझ्यासमोर वाचून सही केली, असं त्याने शपथेवर लिहून दिलेलं. सहीबाई उभी राहिली तेव्हा न्यायाधीशांनी तिला विचारलं की तुम्ही जे सांगणार आहात त्याचे तुमच्यावर काय परिणाम होऊ शकतात, कल्पना आहे ना? सर्दी अजून गेली नव्हती त्यांची. ती म्हणाली, आहे, साहेब. नवऱ्याने रोज सांगितलंय.

कारकुनाने कोरा कागद दिला. सहीबाईने पाळीतल्या क्रमाने बारा सह्या केल्या, झटकणाऱ्या चार, सारणाऱ्या चार, घडीवाल्या चार. एक मिनिटही लागलं नाही. न्यायाधीशांनी पाचवी सही कंपनीच्या कागदाशेजारी धरली. शेपटी दोन्हीकडे होती.

"आणि साहेब," सहीबाई म्हणाली, "पुढच्या आठ जणी ओल्या चादरींत हात घालून काम करतात. त्यांनी कामावर सही केली असती तर कागदावर ओल उमटली असती. कंपनीने त्या दिवशीचे बाराही जणींचे कागद इथे दिलेत, ते बघा. एकावर डाग नाही. आठ जणींचे ओले हात त्या एका दिवशी कोरडे कुठून झाले?"

सुपरवायझरने शर्टाची बाही नीट केली.

तिला वाटलं, झालं. पण कंपनीचा वकील उठला तो गडबडलेला नव्हता, उलट खूश दिसत होता. त्याने अदबीने विचारलं, तुम्ही किती वर्षं या बाईंच्या वतीने सह्या करत होता? सतरा. त्यांना माहीत होतं? होतं. त्यांनी कधी हरकत घेतली? नाही. हातमोजे, साबण, सगळ्याला चालत होतं? चालत होतं.

"म्हणजे सही करायची परवानगी होती," वकील न्यायाधीशांकडे वळला. "परवानगीने केलेली सही ही त्या बाईंचीच सही. आमचं म्हणणं साक्षीदारानेच सिद्ध केलं, साहेब. आणि परवानगी किती होती, कशाची होती, हा पुन्हा लवादाचाच प्रश्न."

सहीबाईला वाटलं, आपण नोकरीवर पाणी सोडून इथे आलो आणि ह्याच्याच हातात आयतं कोलीत दिलं! तिने शिट्टीकडे बघितलं. शिट्टी गुडघ्यावर ठेवलेल्या हाताकडे बघत होती. आणि मग सहा आठवडे भांड्यांवर काढलेला राग एकदम नीट, सरळ वर आला.

"माझ्या घराची किल्ली शेजारणीकडे असते," ती वकिलाला म्हणाली. "सतरा वर्षं असते. दूध आत ठेवते, खिडक्या लावते, मी हरकत घेत नाही. म्हणून तिने उद्या माझं घर तुम्हाला लिहून दिलं, तर ते तुमचं होतं का?"

कोणीतरी मागे खुसकन हसलं. न्यायाधीशांची पेन्सिल थांबली. त्यांनी तिला फक्त दोन प्रश्न विचारले. हा कागद काय आहे हे तुम्ही यांना कधी सांगितलं होतं का? नाही. तुम्ही स्वतः वाचला होता का?

"नाही, साहेब. रूळ तापलेले होते."

जेवणाच्या सुट्टीनंतर निकाल सांगितला. कागदावरची सही शिट्टीची नाही, हातमोजे घेण्याच्या मुभेत कोर्टाचं दार बंद करण्याची मुभा येत नाही, करारच झालेला नाही तर लवादाकडे पाठवायचं काय? खटला इथेच चालेल. कंपनीचा वकील फाइल बांधता बांधता म्हणाला की आम्ही वर जाऊ. जा, सहीबाईला वाटलं, वर पंखा तरी मोठा असेल.

पण निकालाच्या मधोमध आणखी एक ओळ होती. साक्षीदारास इतरांच्या नावे सह्या करण्याची जुनी सवय असल्याचे तिने स्वतः कबूल केले आहे. त्या सवयीचं पेन कोणी हातात दिलं, याबद्दल कुठे काही नव्हतं. ते कोणी विचारलंच नव्हतं. कंपनीने ती ओळ जशीच्या तशी उचलली आणि चौथ्या दिवशी तिला कामावरून काढल्याचं पत्र दिलं. कारण, खोट्या सह्या. सुपरवायझर तिथेच राहिला. नंतर त्याची बदली झाली असं म्हणतात, पण लागूनच्याच पाळीवर. करून सवरून तो नामानिराळा, आणि सतरा वर्षं त्याचं काम उरकणारी बाई लबाड! पत्र मिळाल्याची पोच म्हणून तिची सही हवी होती. तिने ते तीनदा वाचलं. पाठीमागे पाळीतल्या बायका उभ्या होत्या, प्रत्येकीच्या हातात आपापला कागद, पदराला हात पुसून, एकेक ओळ वाचत. सुपरवायझर घड्याळ बघत होता. रूळ तापून रिकामे फिरत होते.

नवऱ्याने तिला बोल लावला नाही. तो सगळं आधी बोलून बसला होता. तिसऱ्या दिवसापासून तो शेजारच्या इमारतीत गेटवर अर्धा दिवस बसायला लागला, गुडघे चोळत. ते बघून तिला रडू आलं नाही, रागच आला, आणि तो कुठे टाकावा हे कळेना.

पंधरा दिवसांनी, सकाळी भांडी घासताना, दार वाजलं. शिट्टी होती. आत आली, खुर्ची ओढून टेबलापाशी बसली. पिशवीतून कागद काढले. टाइप केलेले, सात पानं. तिचं म्हणणं, तिच्या शब्दांत, कोर्टात द्यायचं. जाळी कोणत्या महिन्यात काढली, भिंतीला कुठे टेकवून ठेवली, दोरी कधी तुटली, कोणाला किती वेळा सांगितलं.

"वाच," ती म्हणाली.

सहीबाईने हात पुसले, चष्मा लावला आणि वाचलं. चौथ्या पानावर ती स्वतः होती. मागे बटणापाशी माझी जोडीदारीण उभी असायची, मी शिट्टी मारली की ती मशीन थांबवायची, एकदाही चुकली नाही, असं लिहिलं होतं. चष्म्याबद्दल काही नव्हतं.

"राग गेला तुझा?" सहीबाईने विचारलं.

"नाही," शिट्टी म्हणाली. "पेन दे."

सहीबाईने पेन दिलं, आणि सवयीने कागद स्वतःकडे ओढायला हात पुढे झाला. शिट्टीने तो मनगटाने थांबवला. पेन तिने डाव्या हातात घेतलं. उजव्या हाताने कागद दाबून धरायचा प्रयत्न केला, पण अंगठा आणि करंगळीखालून तो सरकत होता.

"नुसता धर," ती म्हणाली. "हलू देऊ नकोस."

सहीबाईने दोन्ही तळवे कागदावर ठेवले. शिट्टीने सही करायला सुरुवात केली. एकेक अक्षर, मोठं, वाकडं, वर चढत जाणारं. ओळीच्या बाहेर गेलं. मध्ये थांबून तिने दम घेतला. प्रत्येक पानाला तेवढाच वेळ लागला, आणि कुठलीच सही दुसरीसारखी आली नाही. सातव्या पानापर्यंत सहीबाईचे हात अवघडून आले, तरी तिने उचलले नाहीत.